मायामाला माफ केलं आणि तकुमीला नाही, असं का होतं? (नाना / हनी अँड क्लोव्हर, स्पॉयलर आहेत)

उकडीचा_मोदक

आधीच सांगते, खाली स्पॉयलरच स्पॉयलर आहेत, ज्यांना बघायचंय त्यांनी इथूनच मागे फिरा.

तर झालं असं की दिवाळीच्या सुट्टीत मी 'नाना' संपवलं, ॲनिमे (जपानी ॲनिमेशन मालिका), ४७ भाग, आणि त्याच्या पाठोपाठ जपानीच्या क्लासमधल्या एका ताईने सांगितलं म्हणून 'हनी अँड क्लोव्हर'चे दोन्ही सीझन. आई म्हणाली चकल्या जळतायत आणि तू रडतेयस कशाला. आता प्रॉब्लेम असा आहे की तकुमीचा मला इतका राग आलाय की स्क्रीनवर त्याचे लांब केस दिसले तरी पित्त खवळतं. ज्यांनी बघितलं नाही त्यांच्यासाठी: हाची (खरं नाव तिचंही नानाच, कोमात्सु नाना; दुसरी नाना म्हणजे तिची मैत्रीण आणि फ्लॅटमेट) वीस वर्षांची साधीभोळी पोरगी, तकुमी एका मोठ्या बँडचा लीडर, ही त्याची फॅन. तो येतो, जातो, फोन करतो तेव्हा हिने हजर असायचं, बाकीच्या बायका आहेतच. मग ही नोबूच्या प्रेमात पडते, नोबू म्हणजे सोन्यासारखा मुलगा, आणि तेवढ्यात कळतं की ही प्रेग्नंट आहे. मूल कोणाचं ते नक्की नाही. तकुमीला कळतं आणि तो मिनिटभरात ठरवून टाकतो की मूल माझं समजतो, लग्न करू. तिला काय हवंय हा प्रश्नच नाही.

इथपर्यंत ठीक, राग आला तर आला. पण हनी अँड क्लोव्हरमधला मायामा? तो रिकाच्या मागे आहे. रिका त्याच्याहून मोठी, विधवा, ज्या अपघातात नवरा गेला त्यातून ही कशीबशी वाचलेली. तिला याच्या मनातलं कळतं तेव्हा ती त्याला कामावरून कमी करते. म्हणजे 'नको' एवढं स्पष्ट सांगायचं अजून कसं असतं? तरी हा तिच्यावर लांबून लक्ष ठेवून, तिच्या वाटेवर, त्याचे मित्रच त्याला स्टॉकर म्हणून चिडवतात आणि मी काय करत होते, तर मी उशी पोटाशी धरून "रिका, घे ना गं त्याला परत" असं म्हणत होते!!

नंतर रात्री झोप लागेना तेव्हा डोक्यात आलं, अरे हे आपण काय म्हणालो. कॉलेजला असताना एक मुलगा चार महिने माझ्या बसस्टॉपवर येऊन उभा राहायचा. काही बोलायचा नाही, त्रास असा काही दिला नाही, फक्त उभा. मैत्रिणी म्हणायच्या किती क्यूट, किती सिन्सियर. मी शेवटी एक स्टॉप मागे चालत जाऊन बस पकडायला लागले. त्या मुलाला मी कधी माफ केलं नाही, मायामाला मात्र दोन सीझनमध्ये केलं. का? जपानी लोकांना हे रोमँटिक वाटतं म्हणून ते लिहितात, की मीच येडी आहे?

भडंग_विथ_चहा

तूच येडी आहेस. :ड
सिरियसली, मायामाचे केस छान आहेत आणि चष्मा आहे. विषय संपला.

खिडकीजवळची_सीट

भडंग, केस तकुमीचेही छानच आहेत, तिथे का नाही चाललं मग.

मोदक, मी हनी अँड क्लोव्हर आधी मांगात (जपानी कॉमिक्स) वाचलं, नंतर ॲनिमे, आणि माझ्या मते उत्तर फार साधं आहे, गोष्ट मायामाच्या खांद्यावर बसून सांगितलीय. तो जिना चढतो तेव्हा आपणही चढतो, तो खाली रस्त्यावर उभा राहून वर बघतो तेव्हा आपल्याला खिडकीतला दिवा दिसतो. हीच गोष्ट खिडकीच्या आतून सांगा, एकटी राहणारी बाई, चालायला त्रास, रात्र झालीय, आणि खाली तोच मुलगा. पोलीस केस आहे ती. तुझ्या बसस्टॉपवर तू खिडकीच्या आत होतीस, एवढाच फरक.

पण मला खरं तर मायामापेक्षा यामादाबद्दल बोलायचंय, कारण सगळे तिला विसरतात, धागाकर्तीसुद्धा विसरली (हे बरं नाही). यामादाचं मायामावर प्रेम आहे आणि मायामाला ते माहीत आहे. तो सीन आठव, ती टाइट झालीय, तो तिला पाठीवर घेऊन घरी चाललाय, आणि ती त्याच्या मानेत तोंड घालून रडत म्हणतेय, मायामा, आवडतोस, खूप आवडतोस, आणि तो दर वेळी फक्त "उं" म्हणतो. एवढंच. सॉरी नाही, "मला माहितीये गं पण" नाही, हो पण नाही, नाही पण नाही. ती म्हणते, तो उं. पुन्हा म्हणते, पुन्हा उं. मी तो भाग बघितला तेव्हा ऑफिसच्या बसमध्ये होते आणि शेजारच्या काकूंनी मला पाण्याची बाटली दिली.

आता त्या "उं" ला तुम्ही काय म्हणाल? मला पहिल्यांदा वाटलं किती हळवा माणूस, ऐकून तरी घेतोय. तीन-चार वर्षांनी परत बघितलं तेव्हा वाटलं लबाड आहेस तू मेल्या. कारण हाच मायामा नंतर त्याच्या ऑफिसातला नोमिया यामादाच्या जवळ यायला लागला की अस्वस्थ होतो, मध्ये मध्ये करतो. आपण खाईना, दुसऱ्याला देईना. तिने दुसरीकडे बघावं असं तोंडाने म्हणतो आणि ती खरंच बघायला लागली की याच्या पोटात दुखतं. नकार न देता ताटकळत ठेवणं हे पाठलागाइतकंच वाईट आहे असं माझं मत, फक्त त्याला कोणी नाव ठेवत नाही.

आणि गंमत बघ, यामादाच्या मागे तिच्या बाजारपेठेतली लहानपणापासूनची पोरं लागलेली आहेत, तिच्या बापाचं दारूचं दुकान आहे ना तिथली, आणि ती सगळी एकदम लाइन लावून तिला मागणी घालतात. म्हणजे ती एकाच वेळी दोन्हीकडे आहे, नाकारलेली पण आणि नाकारणारी पण. मांगाकारांना (चिका उमिनो) हे नक्की कळत होतं त्या काय करतायत.

तकुमी_माफक_फॅन

शिव्या खायची तयारी ठेवून लिहितोय.

तकुमी वाईट नवरा आहे, मान्य. बाहेरख्याली आहे, मान्य. पण त्या दिवशी खोलीत जेवढी माणसं होती त्यातला एकटा तोच "मी बघतो" म्हणाला. नोबू काय करत होता? गोठला. गेला. त्याचं प्रेम खरं वगैरे होतं पण हाचीला त्या क्षणी खरं प्रेम नको होतं, तिला कोणीतरी दार उघडायला हवं होतं. नोबूच्या घरचा ऱ्योकान (जपानी पद्धतीचं हॉटेल) आहे, चांगलं चालतं खटलं, तो सोडून गिटार वाजवायला टोकियोला आलेला पोरगा, खिशात दमडी नाही. आपल्याकडे स्थळ म्हणून ठेवलं असतं तर तुमच्या घरच्यांनी कोणाला होकार दिला असता ते प्रामाणिकपणे सांगा.

आणि हाची पण काही तान्हं बाळ नाही. आधीचा बॉयफ्रेंड शोजी असताना तिने त्याला किती गृहीत धरलं होतं ते विसरू नका.

उकडीचा_मोदक

"कोणीतरी दार उघडायला हवं होतं" हे बरोबर आहे, पण दादा, दार उघडून आत घेतलं आणि बाहेरून कडी लावली, त्याचं काय? ७०७ नंबरचा फ्लॅट सुटला, नाना सुटली, ते स्ट्रॉबेरीचे ग्लास सुटले. त्याने फ्लॅट दिला, पैसे दिले, आणि तिची माणसं काढून घेतली. स्थळच बघायचं तर माझ्या मावशीचं स्थळ पण फार चांगलं होतं, एवढंच बोलते.

शोजीचं नाव काढलंत ते बरं केलंत, मला त्याचा राग येत नाही हे आत्ता लक्षात आलं. फसवलं तर त्यानेच ना.

भडंग_विथ_चहा

शोजीचा नाही पण ज्या साचिकोसाठी त्याने हाचीला सोडलं तिचा येतो ना? येऊ दे. मला पण येतो. ती दोघं शेवटच्या ट्रेनसाठी पळतायत तो सीन, साचिकोच्या पायात टाचांचे शूज, तो म्हणतो असले शूज घालून कशाला आलीस, आणि ती तोंड वर करून म्हणते "वाझातो दा यो". मुद्दामच. माझ्या आयुष्यात कोणाची शेवटची कर्जत लोकल मुद्दाम चुकवायची हिंमत नाही, रिक्षावाला सातशे मागतो. हिने चुकवली आणि एका वाक्यात बिचाऱ्या हाचीचा पत्ता कट केला.

पण विचार केला तर ती पण एकतर्फीच होती की त्या क्षणापर्यंत. तिने फक्त "उं" ऐकून घेतलं नाही.

निशिकसाईकर

टोकियोत आहे, आयटी, बरीच वर्षं झाली, मांगा बायकोमुळे वाचतो (ती रोज वाचते, मी तिच्या मागून).

शब्दावरून थोडं सांगतो. आपल्याकडे 'एकतर्फी प्रेम' हा शब्द उच्चारला की डोळ्यासमोर पेपरातली बातमी येते, "एकतर्फी प्रेमातून तरुणीवर हल्ला". दुसऱ्या कुठल्या संदर्भात तो शब्द मी तरी फारसा ऐकलेला नाही. जपानीत 'कताओमोई' म्हटलं की तसं काही येत नाही. 'कता' म्हणजे जोडीतलं एक, 'ओमोई' म्हणजे मनातला विचार, भावना. ट्रेनचं एका बाजूचं तिकीट घेतलं तर त्याला 'कतामिची' म्हणतात, तोच हा कता. दोघांचं जमलं तर 'ऱ्योओमोई'. शाळेतली पोरगी मैत्रिणीला लाजत सांगते ती कताओमोई. हल्ला नाही, चाकू नाही, फक्त परतीचं तिकीट नाही. त्यामुळे यामादासारखी माणसं तिथल्या वाचकाला आजारी वाटत नाहीत. आपण मराठीत विचार करत वाचतो म्हणून आपल्याला आधी धोका दिसतो, आणि तसं दिसण्याला कारणं आहेत, ते चूक म्हणत नाही मी.

पण "जपानी लोकांना हे रोमँटिक वाटतं" हे पण सरसकट खरं नाही हो. १९९९ मध्ये सायतामा प्रांतात ओकेगावा स्टेशनपाशी एका कॉलेजच्या मुलीचा खून झाला, आधीच्या बॉयफ्रेंडने महिनोन् महिने छळ लावला होता, तिने पोलिसांत तक्रार दिली होती आणि पोलिसांनी ती नीट घेतली नाही. त्यावरून इतका गदारोळ झाला की २००० मध्ये स्टॉकिंगविरोधी कायदा आला. त्या कायद्यात व्याख्या करताना प्रेमाची भावना किंवा ती पूर्ण न झाल्याचा राग असं चक्क लिहिलेलं आहे. कायद्याच्या पुस्तकात कताओमोई! आणि नाना आणि हनी अँड क्लोव्हर दोन्ही मांगा सुरू कधी झाल्या, तर त्याच २००० मध्ये. मित्रांनी मायामाला स्टॉकर म्हणणं हा तेव्हाचा ताजा शब्द होता, घराघरात टीव्हीवर चाललेला. तो विनोद आपण आज वाचतो तेवढा हलका नसणार असं मला वाटतं. (आपल्याकडे पाठलाग हा वेगळा गुन्हा व्हायला २०१३ उजाडलं.)

रच्याकने, 'कबेदोन' माहितीये ना सगळ्यांना, हिरो हिरॉइनला भिंतीशी गाठून बाजूला धाडकन हात आपटतो ते. २०१४ ला हा शब्द इतका चालला की वर्षातल्या गाजलेल्या शब्दांच्या यादीत गेला. त्याचा दुसरा अर्थ असा की शेजारचा दंगा करत असेल तर पातळ भिंतीवर हाणायचं, गप रे म्हणून. आमच्या बिल्डिंगमध्ये फक्त हा दुसरा प्रकार होतो आणि तो आमच्यासाठी असतो, कुकरच्या शिट्ट्या.

शेवग्याची_शेंग

मी वयाने तुमच्या सगळ्यांच्या मावशीसारखी असेन. मुलीमुळे या नादाला लागले, आधी कोरियन 'बॉईज ओव्हर फ्लॉवर्स', मग कळलं की मूळ जपानी आहे, 'हाना योरी दांगो', १९९२ पासूनची मांगा. ती वाचायला घेतली तर अगं बाई, तो दोम्योजी! लॉकरमध्ये लाल चिठ्ठी ठेवायची की सगळ्या शाळेने त्या मुलाला छळायचं, आणि हा हिरो. मला सुरुवातीला मुलीची काळजी वाटली, की हिला असलाच आवडायचा पुढे. तिला विचारलं तर म्हणाली, आई मला दोम्योजी नाही आवडत, मला हिरॉइन माकिनो त्याला लाथ मारते ते आवडतं.

त्याउलट 'इताझुरा ना किस' मधली कोतोको मला बघवली नाही. पहिल्याच भेटीत प्रेमपत्र द्यायला जाते, तो नाओकी घेत पण नाही, सगळ्यांसमोर. आणि मग भूकंपात हिचंच नवीन घर पडतं आणि नेमकं त्याच्याच घरी राहायला जायची पाळी येते. पुढे वर्षानुवर्षं ही त्याच्या मागे, तो टोमणे मारतोय, हिने हसून घ्यायचं. माझी मुलगी म्हणते तो मनातून चांगला आहे. मी म्हटलं मनातून सगळेच चांगले असतात बाई, आपल्याला राहायचं असतं बाहेरच्याशी.

ती मांगा अर्धवटच राहिली, लेखिका १९९९ मध्ये गेल्या. वाईट वाटलं वाचून. शिव्या देत देत शेवटपर्यंत आले होते ना.

खिडकीजवळची_सीट

मावशी ते "राहायचं असतं बाहेरच्याशी" मी लिहून ठेवलंय.

'ओओकामी शोजो तो कुरो ओजी' वाचू नका तुम्ही मग, बीपी वाढेल. मैत्रिणींसमोर फुशारकी मारायला पोरगी रस्त्यावरच्या अनोळखी मुलाचा फोटो बॉयफ्रेंड म्हणून दाखवते, तो निघतो तिच्याच शाळेतला, आणि म्हणतो नाटक करतो पण तू माझा कुत्रा व्हायचं. तीन वेळा गोल फिरून "वान" म्हणायला लावतो. (जपानी कुत्रा भो भो नाही करत, वान वान करतो.)

हे लिहिताना लक्षात आलं, हाची पण कुत्र्याचंच नाव आहे की! नाना तिला हाची म्हणते ते शिबुयाच्या त्या हाचिकोवरून, मालक गेल्यावर जवळजवळ दहा वर्षं रोज स्टेशनवर येऊन बसायचा तो. त्याचा पुतळा आहे तिथेच सगळी जोडपी भेटायचं ठरवतात. एका ठिकाणी तो शब्द अपमान आहे आणि दुसऱ्या ठिकाणी लाड, आणि दोन्हीकडे पोरगी वाट बघतेय.

तकुमी_माफक_फॅन

वाट बघायचीच गोष्ट काढली तर नानाची मांगा २००९ पासून बंद आहे, लेखिकेच्या आजारपणामुळे, २१ खंडांवर. खरे हाची आपण.

बाकी मोदक, कडी लावली हे मान्य. मी परत बघितला तो भाग काल. तो "मी बघतो" म्हणतो तेव्हा तिच्याकडे बघत पण नाहीये.

नारळपाणी_बिनसाखर

उशिरा आलो. एकतर्फी प्रेमाचं एकही बरं उदाहरण कोणी दिलं नाही म्हणून देतो. 'फाइव्ह सेंटिमीटर्स पर सेकंड', माकोतो शिनकाईचा ॲनिमे सिनेमा, २००७, तासाभराचाच आहे. त्यातला मधला भाग, तानेगाशिमा बेट, जिथून जपानचे रॉकेट उडतात. कानाए नावाची मुलगी, तिला ताकाकी आवडतो. शाळा सुटल्यावर दोघं दुकानात ड्रिंक घ्यायला जातात, तो दर वेळी तेच उचलतो, आणि ही कपाटासमोर उभी, काय घेऊ काय घेऊ. मग आपापल्या गाडीवरून घरी. बास, एवढंच आहे तिच्याकडे त्याचं. एक दिवस ठरवते की आज सांगायचं, आणि वाटेत रडायला येतं, मनात म्हणते की माझ्याशी एवढं चांगलं वागू नकोस रे. तेवढ्यात मागून रॉकेट सुटतं, दोघं मान वर करून बघत राहतात, आणि तिला कळतं की हा माझ्याकडे बघतच नव्हता कधी, ह्याची नजर कुठेतरी फार लांब लागलीय. सांगत नाही ती. घरी जाते.

तिने पाठलाग नाही केला, ताकाकीने खोटी आशा पण मुद्दाम नाही दिली. तरी त्याचा तो सगळ्यांशी असलेला चांगुलपणा बघून मला मायामाचा "उं" आठवला. आता यात ताकाकीने काय करायला हवं होतं ते मला अजून सुचलेलं नाही.

निशिकसाईकर

म्हणूनच इथे 'कोकुहाकु'ला एवढं महत्त्व. समोर उभं राहून आवडतेस, माझ्याबरोबर फिरशील का, असं शब्दांत म्हणायचं, आणि समोरच्याने हो किंवा गोमेन (सॉरी). आमच्या कॉलेजात मित्राला पाठवायचो, "तिला विचार ना", मग मित्र तिच्या मैत्रिणीला विचारणार, सहा महिने कोणाला काही कळायचं नाही. एक मित्र तर अजून उत्तराची वाट बघतोय, दोन मुलं झाली त्याला.

उकडीचा_मोदक

नारळपाणी, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला.

बसस्टॉपवाल्याने कधी विचारलंच नाही, म्हणून मला नाही पण म्हणता आलं नाही, हे आत्ता कळतंय. रिकाने निदान कामावरून काढलं. मी काय करणार होते, एक स्टॉप मागे चालत जायचे. आणि तो कदाचित घरी जाऊन स्वतःला मायामा समजत असेल.

खिडकीताईचं खांद्याचं म्हणणं तपासायला काल रूममेटला पाठीवरचा सीन दाखवला, पुढचं मागचं काही न सांगता. मला बघायचं होतं ती कोणाच्या बाजूने बोलते.

भडंग_विथ_चहा

मग? काय म्हणाली?

उकडीचा_मोदक

म्हणाली एवढी दारू कशाला प्यायची, आणि मॅगी करायला उठली.